गाडी नेली, पण कुठल्या कलमाखाली? वाचकांचे प्रश्न, वकिलांची उत्तरं

या वेळी आलेले बहुतेक प्रश्न एकाच विषयावरचे आहेत, सरकारी माणसानं आपली गाडी नेली तर ती कुठल्या अधिकारात नेली आणि परत कशी आणायची. म्हणून अख्खं सदर त्यालाच देतेय.

उत्तरांआधी थोडं सांगते कारण ते सगळीकडे लागणार आहे. राज्यघटनेचं कलम ३०० अ म्हणतं की कायद्याचा आधार असल्याशिवाय कुणाचीही मालमत्ता काढून घेता येणार नाही. १९७८ च्या ४४ व्या घटनादुरुस्तीनं मालमत्तेचा हक्क मूलभूत हक्कांतून गेला हे खरंय, पण त्याच दुरुस्तीनं हे कलम आलं, आणि तुमची स्कूटर असो नाहीतर डंपर, ती मालमत्ताच आहे. त्यामुळे गाडी नेणाऱ्याकडे कुठलं तरी नेमकं कलम असलंच पाहिजे, 'वरून ऑर्डर आहे' हे कलम नाही. आणि गाडी तात्पुरती ताब्यात घेणं आणि कायमची सरकारजमा करणं यात जमीन-अस्मानाचा फरक आहे. ताब्यात घेतली तरी मालक तुम्हीच असता. सरकारजमा झाली की मालकीच जाते, म्हणून तिथं आधी नोटीस, मग तुमचं म्हणणं ऐकणं आणि मग कारणांसह लेखी आदेश, एवढं सगळं व्हावं लागतं. लोक पहिल्याच पायरीला गाडी गेली असं समजून सोडून देतात हे बघून फार वाईट वाटतं.

प्रश्न : मॅडम, नाकाबंदीत माझी बाईक अडवली. लायसन्स घरी राहिलं होतं, मोबाईलमध्ये दाखवतो म्हणालो तर ऐकलं नाही, चावी काढून घेतली, जुनी चलनं पण बाकी आहेत म्हणाले आणि गाडी टेम्पोत टाकून नेली. पावती काहीच नाही. असं करता येतं का?

उत्तर : लायसन्स नसणं आणि लायसन्स जवळ नसणं हे दोन वेगळे मुद्दे आहेत दादा, आणि तुमची सगळी केस यावरच आहे. मोटार वाहन कायदा १९८८ च्या कलम २०७ मध्ये गाडी ताब्यात घ्यायचा अधिकार दिलाय, पण तो सरसकट नाही, कारणं मोजून दिलीत. लायसन्सच नसताना चालवणं म्हणजे कलम ३, वय कमी असताना चालवणं म्हणजे कलम ४, रजिस्ट्रेशन नसलेली गाडी म्हणजे कलम ३९, आणि परमिट लागत असून नसणं किंवा परमिटमधल्या रूट, एरिया, वापराच्या अटी मोडणं. झाली यादी. त्यातही लायसन्स, वय किंवा परमिटचा मुद्दा असेल तर गाडीऐवजी आरसी बुक ठेवून घेऊन पोच द्यायची सोय त्याच कलमात लिहिलीय, हे रस्त्यावर कुणी सांगत नाही म्हणून मुद्दाम लिहितेय.

तुमच्याकडे लायसन्स होतं, फक्त खिशात नव्हतं. युनिफॉर्ममधल्या पोलिसानं मागितलं की दाखवायची जबाबदारी तुमची आहे, पण केंद्रीय मोटार वाहन नियमांतला नियम १३९ आता इलेक्ट्रॉनिक स्वरूपातलं कागदपत्र पण मान्य करतो, म्हणजे डिजिलॉकर किंवा एमपरिवहन या सरकारी ॲपमधलं लायसन्स चालतं. साधा गॅलरीतला फोटो दाखवला असेल तर त्यावर ते हरकत घेऊ शकतात, एवढं लक्षात असू द्या. थकलेल्या चलनाचं म्हणाल तर २०७ च्या यादीत ते कुठंच नाही. चलन भरायचंच आहे, ते टाळा असं मी अजिबात सांगत नाहीये, पण २०७ दाखवून चलनापोटी गाडी ओढून नेता येत नाही. आणि चालू गाडीची चावी काढून घ्या असं मला त्या कायद्यात कुठल्याच कलमात सापडत नाही.

आता करायचं काय, तर ट्रॅफिक शाखेत जाऊन कुठल्या कलमाखाली गाडी घेतली याची लेखी पावती मागा. देत नसतील तर तिथंच साधा अर्ज लिहा, तारीख वेळ जागा टाका आणि इनवर्डचा शिक्का मारून तुमची प्रत घ्या, हा शिक्का पुढं खूप कामाला येतो. मग कलम २०७ च्या पोटकलम २ प्रमाणे आरसी, इन्शुरन्स, पीयूसी, लायसन्स जोडून आरटीओकडे किंवा नेमलेल्या अधिकाऱ्याकडे गाडी सोडण्याचा अर्ज करा, कागद बघून सोडायचा आदेश ते देऊ शकतात. तरी अडवलं तर वरिष्ठांकडे तक्रार, आणि अगदीच नाही तर राज्यघटनेच्या कलम २२६ खाली हायकोर्ट.

दारू पिऊन चालवल्याबद्दल पण एकानं विचारलंय, ते इथंच घेते. कलम १८५ चा गुन्हा गंभीर आहे, त्यात पहिल्यांदाच सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा १०,००० रुपये दंड किंवा दोन्ही होऊ शकतं आणि व्हायलाच पाहिजे. पण २०७ च्या यादीत १८५ पण नाही. तेलंगणा हायकोर्टानं २०२१ मध्ये सांगितलं की एवढ्या एका कारणावरून गाडी अडकवून ठेवता येणार नाही, सोबत न प्यालेला लायसन्सवाला माणूस असेल तर त्याच्या हातात द्या, नसेल तर नातेवाइकाला बोलवा, कुणीच आलं नाही तर सुरक्षित जागी ठेवून नंतर कागद बघून परत करा. आपल्याकडे तो निकाल बंधनकारक नाही पण कोर्टापुढं ठेवता येतो.

प्रश्न : नो पार्किंगमधून उचललेली गाडी जप्तीत येते का?

उत्तर : नाही. ते मोटार वाहन कायद्याचं कलम १२७. गाडी सार्वजनिक जागी दहा तास किंवा जास्त बेवारस उभी असेल किंवा पार्किंगला मनाई असलेल्या जागी असेल तर टोइंग करता येतं किंवा चाकाला जॅमर लावता येतो, मात्र ते युनिफॉर्ममधल्या, त्या हद्दीतल्या पोलिसाच्या परवानगीनं. टोइंगवाली मुलं स्वतःच्या मनानं उचलू शकत नाहीत. गाडीसोबत पोलीस होता का हे बघा, व्हिडिओ काढा. टोइंगचा खर्च मात्र मालकालाच द्यावा लागतो.

प्रश्न : माझ्या १६ वर्षांच्या मुलानं स्कूटी नेली आणि पोलिसांनी ठेवून घेतली, मी विनवणी केली तरी सोडत नाहीत. हा अन्यायच ना?

उत्तर : ताई, हा अन्याय नाही. कलम ४ मोडलंय, म्हणजे २०७ लागतंच. उलट स्कूटीपेक्षा मोठी काळजी दुसरी आहे, २०१९ च्या दुरुस्तीनं आलेलं कलम १९९ अ. त्यात पालक किंवा मालकाला तीन वर्षांपर्यंत कैद आणि २५,००० रुपये दंड, गाडीचं रजिस्ट्रेशन १२ महिने रद्द आणि मुलाला २५ वर्षांचा होईपर्यंत लायसन्स नाही. तुमच्या नकळत नेली असेल किंवा तुम्ही अडवायचा पूर्ण प्रयत्न केला होता तर तसं सिद्ध करायची संधी कायदा देतो. आधी वकील गाठा आणि कृपा करून चावी मुलाच्या हाती लागणार नाही अशी ठेवा.

प्रश्न : अपघातानंतर आमची कार पोलीस स्टेशनच्या आवारात उभी आहे. केस चालू आहे तोवर मुद्देमाल सोडता येत नाही असं सांगतात. बॅटरी गेली, टायर बसले, आतून बुरशी आली. हप्ते चालूच आहेत. निकाल लागेपर्यंत असंच चालणार का?

उत्तर : अजिबात नाही, आणि या प्रश्नावर मला जरा सविस्तरच लिहायचंय कारण कुठल्याही पोलीस स्टेशनच्या मागं बघा, वेलींनी झाकलेल्या गाड्यांच्या रांगा दिसतात आणि त्यातल्या कितीतरी फक्त एक अर्ज न केल्यामुळे सडल्यात.

अपघातातल्या गाडीची तपासणी करायला मोटार वाहन कायद्याच्या कलम १३६ प्रमाणे ती हलवता येते, पण त्याच कलमात लिहिलंय की कुठं नेली ते मालकाला कळवायचं आणि तपासणीचे सोपस्कार झाले की २४ तासांत परत द्यायची. गुन्हा दाखल असेल तर पोलीस भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १०६ खाली जप्ती दाखवतात, हे जुन्या फौजदारी संहितेचं कलम १०२, नवीन संहिता १ जुलै २०२४ पासून लागू झाली. या जप्तीची खबर मॅजिस्ट्रेटला ताबडतोब द्यावी लागते. शिवाय कलम १०५ प्रमाणे वस्तू ताब्यात घेतानाचं व्हिडिओ शूटिंग करायचंय, यादी बनवताना सुद्धा, आणि ते रेकॉर्डिंग उशीर न करता मॅजिस्ट्रेटकडे पाठवायचंय.

मॅजिस्ट्रेटपुढं गेलात की सुप्रीम कोर्टाचा सुंदरभाई अंबालाल देसाई विरुद्ध गुजरात राज्य हा १ ऑक्टोबर २००२ चा निकाल तुमच्या बाजूनं आहे. त्यात स्पष्ट सांगितलंय की जप्त गाड्या वर्षानुवर्षं पोलीस स्टेशनला उभ्या करून कुणाचाच फायदा नाही, मॅजिस्ट्रेटनं बॉण्ड आणि हमी घेऊन लवकर सोडण्याचे आदेश द्यावेत, आणि मुद्देमाल पोलीस स्टेशनला पंधरा दिवस ते एक महिना यापेक्षा जास्त राहू नये. पुराव्याचं काय असं विचारतात, तर फोटो आणि तपशीलवार पंचनामा तो पुरावा. नवीन संहितेच्या कलम ४९७ मध्ये तर आता मुदतीच घातल्यात, माल कोर्टापुढं आल्यापासून १४ दिवसांत त्याचं वर्णन तयार करायचं, फोटो किंवा व्हिडिओ काढायचा आणि त्यानंतर ३० दिवसांत त्याचं काय करायचं ते कोर्टानं ठरवायचं.

प्रत्यक्षात काय होतं ते सांगते म्हणजे तुम्ही गोंधळणार नाही. वकील मुद्देमाल परत मिळण्याचा अर्ज टाकतात, माल कोर्टापुढं आला असेल तर ४९७, फक्त जप्तीची खबर आली असेल तर ५०३. सोबत आरसी, इन्शुरन्स, आधार, एफआयआर आणि जप्ती पंचनाम्याची प्रत. कोर्ट पोलिसांचा आणि सरकारी वकिलांचा 'से' मागवतं, म्हणजे त्यांचं म्हणणं काय ते. बहुतेक वेळा सगळा उशीर या 'से'मध्येच होतो, म्हणून तपास अधिकाऱ्याकडे जाऊन आठवण करून देत राहा, तारखेला तो आला नाही तर वकिलांना सांगून कोर्टाच्या नजरेस आणून द्या. मग आदेश होतो, इतक्या रकमेचा बॉण्ड, लागला तर जामीनदार, आणि अटी, केस संपेपर्यंत गाडी विकायची नाही, रंग किंवा इंजिन बदलायचं नाही, कोर्टानं बोलावलं की हजर करायची. ताबा घेताना पंचनामा हातात धरून गाडीभोवती फिरा. स्टेपनी, जॅक, बॅटरी, म्युझिक सिस्टीम, किलोमीटरचं रीडिंग, जे लिहिलंय ते आहे का बघा, आणि काही नसेल तर ताबा पावतीवर तिथंच लिहूनच सही करा. घाईत सही केली की नंतर कुणी दाद देत नाही.

दोन अडचणी नेहमी येतात. गाडी सेकंडहँड घेतलेली आणि आरसीवर जुन्याच मालकाचं नाव. कोर्ट साधारणपणे आरसीवरच्या नावालाच मालक धरतं, मग जुन्या मालकाला शोधून ना हरकत आणावी लागते आणि तो सापडत नाही. विकणाऱ्यानं १४ दिवसांत आणि घेणाऱ्यानं ३० दिवसांत आरटीओला कळवायचं असं मोटार वाहन कायद्याच्या कलम ५० मध्ये आहे, ते कराच. दुसरी अडचण थर्ड पार्टी इन्शुरन्सची. अपघातात कुणी गेलं किंवा जखमी झालं आणि पॉलिसीच नव्हती तर गाडी सहज सुटणार नाही, भरपाईची पुरेशी हमी मागतात, कारण २०१८ मध्ये सुप्रीम कोर्टानं सगळ्या राज्यांना सांगितलंय की अशी गाडी हमीशिवाय सोडू नका, हमी नाही दिली तर लिलाव करून पैसे अपघात न्यायाधिकरणाकडे भरा. हे मला पटतं. ज्याचा माणूस गेला त्याच्या हातात काहीतरी पडलं पाहिजे.

प्रश्न : ट्रॅक्टर शेतीसाठी घेतलाय. गावातल्या एकानं खडी आणायला मागून नेला आणि त्यात वाळू निघाली म्हणे. तलाठी आणि कोतवालानं ट्रॅक्टर पकडून तहसीलला लावला. दीड महिना झाला, नोटीस नाही, आदेश नाही, नुसतं दंड भरा म्हणतात. पेरणी तोंडावर आलीय.

उत्तर : दादा, महाराष्ट्र जमीन महसूल संहिता १९६६ चं कलम ४८ इथं लागू होतं. पोटकलम ७ मध्ये दंड आहे, गौण खनिजाच्या (म्हणजे वाळू, खडी वगैरे) बाजारभावाच्या पाच पटीपर्यंत, आणि पोटकलम ८ मध्ये गाडी आणि मशिनरीची जप्ती. ही जप्ती कुणी करायची, तर जिल्हाधिकाऱ्यांनी किंवा त्यांनी अधिकार दिलेल्या आणि तहसीलदाराच्या खालचा दर्जा नसलेल्या महसूल अधिकाऱ्यानं. तलाठ्याला नुसतं पकडून आणायचा आणि जप्ती म्हणायचा अधिकार या कलमानं दिलेला नाही, हा तुमचा पहिला मुद्दा.

दुसरा मुद्दा त्याहून भारी आहे. जप्त केलेलं वाहन ४८ तासांच्या आत जिल्हाधिकाऱ्यांपुढं किंवा त्यांनी नेमलेल्या, किमान उपजिल्हाधिकारी दर्जाच्या अधिकाऱ्यापुढं हजर करावं लागतं, आणि ते अधिकारी ठरलेला दंड आणि वैयक्तिक बॉण्ड घेऊन ते सोडू शकतात. बॉण्डची रक्कम वाहनाच्या बाजारभावापेक्षा जास्त असू शकत नाही. तुमच्याकडे दीड महिना कागदच नाही, म्हणजे ४८ तासांचं काय झालं हे त्यांना लेखी विचारा. माहिती अधिकारात जप्तीचा पंचनामा, अहवाल आणि वाहन कुणापुढं कधी हजर केलं याची नोंद मागा आणि त्याच दिवशी प्रांताकडे आणि जिल्हाधिकाऱ्यांकडे ट्रॅक्टर सोडण्याचा अर्ज द्या, पेरणीचं कारण त्यात ठळक लिहा. तुम्ही ट्रॅक्टर खडीसाठी दिला होता याला काही आधार असेल, फोनवरचे मेसेज, साक्षीदार, तर आत्ताच गोळा करा. दंडाचा आदेश आला तर त्याच्यावर संहितेच्या कलम २४७ खाली अपील आहे. मात्र पोलिसांनी पण चोरीचा गुन्हा नोंदवून ट्रॅक्टर त्यात दाखवला असेल तर मग मॅजिस्ट्रेटकडे वेगळा अर्ज लागेल, म्हणून आधी एफआयआर आहे का ते बघून घ्या, नाहीतर एका ऑफिसातून दुसऱ्या ऑफिसात फिरण्यात हंगाम जाईल. वाळू उपशानं नद्यांची काय दशा झालीय ते मला दिसतंय आणि कारवाई व्हायलाच हवी, पण ती कायद्यानं ठरवलेल्या अधिकाऱ्यानं आणि ठरलेल्या वेळेतच.

प्रश्न : टुरिस्ट परमिटची गाडी आहे, ड्रायव्हर ठेवलाय. पॅसेंजरच्या बॅगेत गांजा सापडला आणि गाडी जप्त झाली. एनडीपीएस (अमली पदार्थांविरुद्धचा कायदा) लागलं की गाडी गेलीच म्हणतात. खरंय का?

उत्तर : नाही. एनडीपीएस कायद्याच्या कलम ६० मध्ये वाहन सरकारजमा होऊ शकतं असं आहे, पण मालकानं सिद्ध केलं की वापर त्याच्या, त्याच्या एजंटच्या आणि गाडी ज्याच्या ताब्यात होती त्याच्या माहितीशिवाय किंवा संगनमताशिवाय झाला आणि सगळ्यांनी वाजवी काळजी घेतली होती, तर नाही. सिद्ध करायचं ओझं मालकावर आहे हे लक्षात घ्या, म्हणून ट्रिपचं बुकिंग, पॅसेंजरचा नंबर, जीपीएसचा रेकॉर्ड जपून ठेवा. कलम ६३ प्रमाणे जप्तीपासून एक महिना होईपर्यंत आणि हक्क सांगणाऱ्याचं ऐकून घेतल्याशिवाय सरकारजमेचा आदेश करता येत नाही. आणि तोवर गाडी मिळतच नाही असं जे सांगितलं जायचं त्यावर सुप्रीम कोर्टानं जानेवारी २०२५ मध्ये बिश्वजित डे विरुद्ध आसाम राज्य या निकालात सांगितलं की कायद्यात तशी बंदी नाही. जिथं माल तिसऱ्याच माणसाकडे सापडला आणि मालकाचा किंवा त्याच्या माणसाचा हात असल्याचा आरोपच नाही, तिथं गाडी साधारणपणे सोडावी. ड्रायव्हरला आरोपी केलं असेल तर मात्र तुमचा मार्ग अवघड होतो, अर्ज तरी कराच.

प्रश्न : ई-वे बिलमध्ये (माल वाहतुकीच्या ऑनलाइन कागदात) चूक निघाली म्हणून जीएसटीवाल्यांनी ट्रक अडवलाय. माल माझा नाही, मी फक्त वाहतूकदार.

उत्तर : जीएसटी कायद्याचं कलम १२९ वाचा. ताब्यात घेतल्यापासून ७ दिवसांत नोटीस, नोटीस दिल्यापासून ७ दिवसांत आदेश, आणि वाहतूकदार दंडाची रक्कम किंवा एक लाख रुपये, यातलं जे कमी असेल ते भरून आपला ट्रक सोडवू शकतो. मालकाचं आणि त्यांचं भांडण मिटेपर्यंत तुमचा ट्रक तिथं उभा राहायची गरज नाही.

प्रश्न : निवडणुकीसाठी माझी जीप द्या म्हणून कर्मचारी आले होते. नाही म्हणता येतं का? पैसे मिळतात का?

उत्तर : लोकसभा-विधानसभेसाठी लोकप्रतिनिधित्व कायदा १९५१ चं कलम १६० आहे, त्यात सरकार वाहन अधिग्रहित करू शकतं, पण लेखी आदेशानं, मालकाच्या किंवा ताबेदाराच्या नावानं, आणि गरज असेल तेवढ्याच काळासाठी. तोंडी निरोपावर गाडी देऊ नका, आदेशाची प्रत मागा. लेखी आदेश आल्यावर मात्र थेट नकार देऊ नका, कलम १६७ प्रमाणे एक वर्षापर्यंत कैद किंवा दंड होऊ शकतो. घरात आजारी माणूस असेल, डायलिसिसला न्यायला तीच एक गाडी असेल तर तसा अर्ज कागदांसकट जिल्हा निवडणूक अधिकाऱ्यांकडे त्याच दिवशी द्या, माणसं ऐकतात. उमेदवार किंवा त्याचा एजंट निवडणुकीच्या कामासाठी कायदेशीररीत्या वापरत असलेली गाडी मतदान पूर्ण होईपर्यंत घेता येत नाही. पैशांचं कलम १६१, त्या भागात चालू असलेल्या भाड्याच्या दरावरून मोबदला ठरतो, आणि कमी वाटला तर ठरलेल्या मुदतीत अर्ज करून लवाद मागता येतो. गाडी देताना आणि घेताना किलोमीटर, डिझेलचा काटा आणि ओरखडे सगळं फोटोत घ्या आणि लॉगबुकवर सही करून घ्या, मोबदल्याचा वाद झाला की तेवढंच हातात असतं. पूर-भूकंपात आपत्ती व्यवस्थापन कायदा २००५ च्या कलम ६५ खाली पण असंच लेखी आदेशानं वाहन घेतात आणि कलम ६६ मध्ये भरपाई आहे.

प्रश्न : १५ वर्षं झालेली कार रस्त्यावर दिसली की उचलून भंगारात टाकतात असा मेसेज फिरतोय. वडिलांची पेट्रोल कार आहे, मी घाबरलोय.

उत्तर : तो मेसेज दिल्लीच्या बातम्यांवरून बनवलाय. १० वर्षांचं डिझेल आणि १५ वर्षांचं पेट्रोल ही मर्यादा दिल्ली-एनसीआरसाठी राष्ट्रीय हरित लवादाच्या आणि २०१८ च्या सुप्रीम कोर्टाच्या आदेशांतून आली, आणि २०२५ मध्ये तिच्यातही बदल झालेत. महाराष्ट्रात खासगी गाडीचं रजिस्ट्रेशन १५ वर्षांचं असतं आणि पुढं पाच-पाच वर्षांसाठी रिन्यू करता येतं. रिन्यू न करता चालवली तर मात्र ती रजिस्ट्रेशन नसलेली गाडी ठरते आणि मग कलम ३९ मोडलं म्हणून २०७ खाली खरोखर नेता येते. मुदत संपायच्या आधीच्या ६० दिवसांत फॉर्म २५ भरा, पर्यावरण कर भरा, गाडी आरटीओला दाखवून आणा आणि नवीन तारखेची आरसी डिजिलॉकरमध्ये आली का ते बघा.